युद्धकथा आणि वाचकाची बाजू

हिंगोलीत रिसाला बाजार, तोफखाना आणि पलटण अशी वस्त्यांची नावे आहेत. ती उच्चारताना गावातील कोणाच्याही मनात घोडा, तोफ वा शिपाई उभा राहत नाही. पत्ता सांगण्यापुरताच त्यांचा उपयोग उरलेला आहे. पदव्युत्तर वर्गांना मराठी साहित्य शिकविण्यात ज्याची तीसएक वर्षे गेली असा एक प्राध्यापक याच परिसरात वाढला. रिसाला म्हणजे घोडदळ हे त्याला समजले ते बखरींचा अभ्यास करताना, आणि तेही पुण्याच्या एका संपादकाने दिलेल्या शब्दार्थाच्या टिपेतून. ज्या शब्दात तो लहानाचा मोठा झाला त्याचा अर्थ त्याला बाहेरगावाहून पोस्टाने यावा तसा आला. पुढच्या साऱ्या गोंधळाचे मूळ बहुधा येथेच आहे.

निमित्त साधे होते. ‘साहित्य आणि इतिहास’ या ऐच्छिक अभ्यासपत्रिकेच्या विद्यार्थ्यांनी युद्धविषयक वाचनासाठी पुस्तकांची यादी मागितली. यादी करणे हे एका संध्याकाळचे काम आहे असे त्याला वाटले, आणि खरोखरच पहिली यादी एका संध्याकाळी झाली. ‘भाऊसाहेबांची बखर’, रघुनाथ यादवाची ‘पाणिपतची बखर’, राजवाड्यांच्या ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चा १८९८ साली निघालेला पहिला खंड, शेजवलकरांचे ‘पानिपत १७६१’, गोडसेभटजींचा ‘माझा प्रवास’. कादंबऱ्यांत रणजित देसाई, ना. सं. इनामदार, विश्वास पाटील. परभाषेतून टॉलस्टॉय, रेमार्क आणि जॉन कीगन. कोणत्याही मराठी विभागात खपावी अशी ही यादी होती. तिच्यात एकही पुस्तक असे नव्हते की ज्यात हिंगोलीचे नाव येते. हे त्याला त्या वेळी खटकले नाही, ही गोष्ट येथे नोंदविण्याजोगी आहे. युद्ध अन्यत्र होते, इतिहास अन्यत्र घडतो, आणि आपण तो वाचतो: मराठवाड्यातील वाचकाची ही सवय इतकी जुनी आहे की ती सवय आहे हेही ध्यानात येत नाही.

पानिपताने त्या यादीचा निम्मा भाग व्यापला होता, आणि ते स्वाभाविकही आहे. १४ जानेवारी १७६१ चा तो दिवस मराठी भाषेत म्हणींच्या आणि वाक्प्रचारांच्या रूपाने इतका मुरला आहे की त्यावर लिहिलेले कोणतेही पुस्तक वाचकाच्या मनात आधीच अर्धे लिहिलेले असते. हेडन व्हाइटने १९७३ मध्ये ‘मेटाहिस्टरी’त मांडलेला कथानकीकरणाचा सिद्धान्त वर्गात समजावून देताना प्राध्यापकाला पानिपताइतके सोयीचे उदाहरण दुसरे सापडत नसे. घटना एकच, तिला शोकात्मिकेचा साचा मिळाला की भाऊ नायक होतो, उपरोधाचा साचा मिळाला की तोच हट्टी कारभारी होतो. रघुनाथ यादवाची बखर गोपिकाबाईंच्या इच्छेवरून, म्हणजे विश्वासरावाच्या आईसाठी, युद्धानंतर थोड्याच काळात लिहिली गेली. जिचा मुलगा मेला तिला सांगावयाची गोष्ट आणि इतरांना सांगावयाची गोष्ट एक असू शकत नाही. बखरीतील अतिशयोक्तीवर तुटून पडणाऱ्या समीक्षकांनी या श्रोतृसंबंधाचा विचार क्वचितच केलेला आहे. काशीराजाची फारसी हकीकत १७८० सालची, शुजाउद्दौल्याच्या गोटात वावरलेल्या माणसाची. तिच्यातले अंतर निराळे, आणि तिच्यातली चूकही निराळी.

शेजवलकरांचा ग्रंथ आधी १९४६ मध्ये इंग्रजीत आणि मग १९६१ मध्ये मराठीत आला. तो वाचताना प्राध्यापकाला तरुणपणी कंटाळा आला होता, हे त्याने वर्गात अनेकदा कबूल केले आहे. त्यात रण कमी आणि रसद फार. गोविंदपंत बुंदेल्याकडून काय आले, काय आले नाही, पैसा कोठे अडला, दाणा कोठे तुटला, यमुनेला उतार केव्हा मिळाला. विश्वास पाटलांची ‘पानिपत’ ही कादंबरी १९८८ मध्ये आली तेव्हा तिने एका पिढीला रडविले. शेजवलकर वाचून कोणी रडल्याचे ऐकिवात नाही. पण दुसऱ्यांदा वाचताना, चाळिशी उलटल्यावर, त्याच्या ध्यानात आले की उपाशी सैन्याचे खरे चित्र त्या रुक्ष पानांतच आहे. कादंबरीतील भूक ही नायकाच्या भव्यतेची पार्श्वभूमी होते. शेजवलकरांच्या लेखनात भूक हेच कारण असते. भाव चढतात, जनावरे मरतात, आणि त्यानंतर लढाई होते. हा फरक शैलीचा नसून ज्ञानमीमांसेचा आहे, असे तो म्हणत असे, आणि विद्यार्थी ते वाक्य जसेच्या तसे परीक्षेत लिहीत.

परभाषेतील पुस्तकांविषयी फार लिहिण्याचे कारण नाही. ती कोणत्याही विद्यापीठाच्या यादीत असतात. स्टेंदालच्या कादंबरीतील फाब्रिस वॉटर्लूच्या मैदानावर दिवसभर फिरतो आणि आपण लढाईत होतो की नाही हेच त्याला उमगत नाही. टॉलस्टॉयचा पिएर पांढरी टोपी घालून बोरोदिनोला जातो. स्टीफन क्रेन अमेरिकन यादवी संपल्यावर सहा वर्षांनी जन्मला आणि तरी ‘द रेड बॅज ऑफ करेज’ लिहून गेला. कीगनने १९७६ च्या ‘द फेस ऑफ बॅटल’मध्ये आपण कधी लढाई पाहिलेली नाही या कबुलीनेच आरंभ केला आणि अ‍ॅजिनकोर्ट, वॉटर्लू व सोम या तीन रणभूमींवर सामान्य शिपायाच्या वाट्याला नेमके काय येते, एवढाच प्रश्न धरून ठेवला. सेनापतीच्या टेकडीवरून खाली उतरणे असे त्या पुस्तकाचे वर्णन करता येईल. मराठीत असे उतरणे कितपत झाले आहे, हा प्रश्न मात्र गंभीर आहे. विश्राम बेडेकरांची ‘रणांगण’ १९३९ मध्ये प्रसिद्ध झाली. आपल्या भाषेतील युद्धविषयक कादंबऱ्यांत ती श्रेष्ठ मानावी लागते, आणि तिच्यात एकही लढाई नाही, एक बोट आहे. हे तिचे वैगुण्य नव्हे. पण आपल्या साहित्याला रणांगण बोटीवरच का सापडावे याचे उत्तर केवळ वाङ्मयीन असणार नाही. लाखो माणसे दोन्ही महायुद्धांत या देशातून गेली, त्यांत मराठी माणसे मोठ्या संख्येने होती, कूट-अल-अमाराच्या वेढ्यात मराठा पलटण उपाशी राहिली. आणि लिहिणारा वर्ग बहुतांशी घरी राहिला. जो गेला तो लिहीत नव्हता, जो लिहीत होता तो गेला नाही.

दुसरी यादी सुरू झाली ती एका झेरॉक्सपासून. मेजर आर. जी. बर्टन याचे ‘अ हिस्टरी ऑफ द हैदराबाद कंटिन्जंट’ हे १९०५ मध्ये कलकत्त्याच्या सरकारी छापखान्यातून निघालेले पुस्तक प्राध्यापकाच्या हाती उशिरा, वयाची पन्नाशी जवळ आल्यावर पडले. पलटणींचे इतिहास ही इंग्रजी लेखनातील एक स्वतंत्र जात आहे. अधिकाऱ्याने अधिकाऱ्यांसाठी लिहिलेले, नेमणुका, कूच, चकमकी आणि मानचिन्हे यांनी भरलेले, ज्यात शंका नसते असे ते लेखन. वाङ्मयीन दृष्टीने त्यात पाहण्याजोगे काही नाही असे समजून त्याने ते चाळावयास घेतले, आणि पानोपानी गावाचे नाव भेटू लागले. हिंगोली ही निजामाच्या खर्चाने पोसलेल्या आणि इंग्रज अधिकाऱ्यांच्या हुकमतीखालील फौजेची एक प्रमुख छावणी होती. बोलारम, औरंगाबाद, एलिचपूर, मोमिनाबाद यांच्या बरोबरीने हे नाव येते. रेसिडेंट हेन्री रसेल याच्या नावाने ओळखली जाणारी रसेल ब्रिगेड ही या फौजेची जुनी शाखा. १८५३ च्या तहाने या फौजेच्या पगारासाठी वऱ्हाड इंग्रजांकडे गेला. वऱ्हाड आणि मराठवाडा यांच्यामधली सीमा, जी त्याच्या लहानपणी केवळ बोलीतला आणि भाकरीच्या चवीतला फरक होती, ती अशी एका पलटणीच्या पगारपत्रकावर उभी होती.

रसेल ब्रिगेडच्या मानचिन्हांत दोन नावे आहेत ज्यांपाशी मराठी वाचक थबकतो. एक महिदपूर: २१ डिसेंबर १८१७, होळकरांविरुद्धची लढाई. दुसरे इंग्रजी कागदांत ‘नोवाह’ असे लिहिलेले: जानेवारी १८१९ मध्ये हटकर नाईक नोवसाजीच्या गढीला मेजर पिटमनने घातलेला वेढा. महिदपूर निदान शालेय पुस्तकात तरी सापडते. नोवाह हिंगोलीपासून फार दूर नाही, आणि त्या वेढ्याविषयी शाळेत किंवा महाविद्यालयात त्याला कोणी एक वाक्यही सांगितले नव्हते. पराभूताची बाजू सांगणारी बखर नाही, पोवाडा घरोघर पोहोचलेला नाही. विजेत्यांच्या निशाणावर मात्र गावाचे नाव रेशमाने भरून ठेवलेले. इतिहासाच्या साधनांचा विचार करताना आपण ‘साधन उपलब्ध नाही’ असे निर्विकारपणे लिहितो. काही वेळा साधन असते. ते फक्त समोरच्या बाजूच्या निशाणावर असते.

याच सुमाराच्या हिंगोलीचे एक चित्र फिलिप मेडोज टेलर याच्या ‘कन्फेशन्स ऑफ अ ठग’ या १८३९ च्या कादंबरीच्या प्रस्तावनेत आहे. ते युद्धकथेत मोडत नाही, पण छावणी म्हणजे काय हे त्याच्याइतके कोठे स्पष्ट होत नाही. टेलर निजामाच्या फौजेत अधिकारी होता. तो सांगतो की हरीसिंग नावाचा एक प्रतिष्ठित व्यापारी हिंगोलीत राहत असे, ज्याच्याशी त्याचा स्वतःचाही व्यवहार होता. त्या व्यापाऱ्याने मुलकी अधिकारी कॅप्टन रेनॉल्ड्स याच्याकडून मुंबईहून कापड आणण्याचा परवाना घेतला, कापडाच्या खऱ्या मालकाला त्याच्या माणसांसह वाटेत ठार केले, आणि तेच कापड परवाना दाखवून हिंगोलीच्या छावणीत उघडपणे विकले. छावणीच्या मुख्य पहाऱ्यापासून हाकेच्या अंतरावर माणसे मारून पुरलेली होती. ते खड्डे उकरले तेव्हा टेलर हजर होता. साम्राज्यवादी लेखनाने ठगांची भीषणता वाढवून सांगितली, त्या भीषणतेवर आपल्या राज्याचे समर्थन उभे केले, ही टीका आता सर्वमान्य आहे आणि ती विद्यार्थ्यांना सांगणे आवश्यकही आहे. तथापि प्राध्यापकाला ही हकीकत वाचताना आठवले ते कापड. संरक्षणासाठी उभी केलेली संस्था भोवतालच्या बाजाराला कसे आकार देते, आणि तो बाजार काय विकतो हे कोणी विचारीत नाही, याची ती गोष्ट आहे.

कारण त्याचे घरही त्याच बाजारातले होते. आजी सांगे की हे माडीचे घर घोड्यांच्या चंदीवर उभे राहिले. चंदी म्हणजे घोड्याचा दाणा: हरभरा, कुळीथ, जे मिळेल ते. कंटिन्जंटचे घोडदळ सिलेदारी पद्धतीचे होते. सवाराने घोडा, शस्त्र आणि घोड्याचे खाणे पगारातून स्वतः पाहावयाचे. म्हणजे दाण्याचा व्यापारी सरकारला विकत नव्हता, एकेका सवाराला विकीत होता, आणि बहुतेक उधारीने. आजीच्या सांगण्यात या गोष्टीला एक प्रकारचा अभिमान होता, आणि लहानपणी त्याने तो अभिमान तसाच घेतला. आपल्या घराण्यात कोणी शिपाई नव्हता, पण शिपायांचे घोडे आपल्या दाण्यावर जगत, हे त्याला पुष्कळ वाटे.

‘माझा प्रवास’ पहिल्या यादीतही होता. वरसईचे विष्णुभट गोडसे दक्षिणा मिळवून घरचे कर्ज फेडावे म्हणून १८५७ मध्ये काकांबरोबर उत्तरेस गेले आणि बंडात सापडले. चिं. वि. वैद्यांच्या आग्रहाने त्यांनी ते पुढे लिहून काढले; वैद्यांनी आपल्या संस्कारांसह ते १९०७ मध्ये प्रसिद्ध केले आणि मूळ हस्तलिखितावरून दत्तो वामन पोतदारांनी १९६६ मध्ये पुन्हा संपादित केले. या दोन आवृत्त्यांतील अंतर हा संहितासमीक्षेच्या अध्यापनाचा ठरलेला विषय आहे, आणि प्राध्यापकाने तो पंधरा-वीस वर्षे त्याच रीतीने शिकविला होता. झाशीचा वेढा, कोसळणारे गोळे, घरात दडून बसलेली माणसे, पाण्याची दैन्यावस्था, जळणारे ग्रंथालय. आणि लुटीचा तो क्रम, ज्यात गोरे आधी सोने-रुपे नेतात, मग मागून आलेल्या देशी पलटणी भांडीकुंडी, कापडचोपड आणि शेवटी धान्य नेतात. या क्रमाचे निवेदनकौशल्य तो वर्गात उलगडून दाखवी. दरिद्री भिक्षुकाच्या नजरेला लूट ही वस्तूंच्या यादीसारखीच दिसणार, असे तो म्हणे. त्यात तथ्य आहे.

बर्टन वाचल्यानंतर त्याला तो उतारा पूर्वीसारखा शिकविता आला नाही. सर ह्यू रोझच्या सेंट्रल इंडिया फील्ड फोर्समध्ये हैदराबाद कंटिन्जंटचे घोडदळ, पायदळ आणि तोफखाना होता. २१ मार्च १८५८ ला झाशीला वेढा पडला. १ एप्रिलला बेटवेच्या काठी तात्या टोप्यांच्या फौजेचा मोड झाला. ३ एप्रिलला तट चढून सैन्य शहरात शिरले. राणी निसटली तेव्हा पाठलागावर गेलेल्यांत कंटिन्जंटचे घोडदळ होते, आणि त्यातला लेफ्टनंट डाउकर भांडेरजवळ जखमी झाला. गोडसेभटजी तटाच्या आत होते. रिसाला तटाच्या बाहेर होता. आणि रिसाल्याच्या घोड्यांची चंदी ज्या व्यवहारातून येत असे त्यावर हिंगोलीतली एक माडी उभी होती, जिच्या ओट्यावर बसून एका मुलाने शालेय पुस्तकातली झाशीच्या राणीची कविता मोठ्याने पाठ केली होती.

हे लिहिताना थोडे सावध राहणे भाग आहे. अमुक पोत्यातला हरभरा तमुक घोड्याने खाल्ला असे सिद्ध होणारे नाही आणि प्राध्यापकानेही तसे कधी मानले नाही. त्याला अस्वस्थ करणारी गोष्ट वाचनाची होती. गोडसेभटजींच्या निवेदनात वाचक आपोआप निवेदकाजवळ, म्हणजे तटाच्या आत, जाऊन बसतो. निवेदनाचा प्रथमपुरुष ही सोय करून देतो. तिथे बसण्याचा आपल्याला अधिकार आहे की नाही, हा प्रश्न वाचकाला पडत नाही. पडू नये अशीच त्या निवेदनाची रचना असते. बर्टनच्या पुस्तकात तो ‘आपण’ म्हणून बसू शकत नव्हता, कारण तिथले ‘आपण’ इंग्रज अधिकाऱ्यांचे होते. एका पुस्तकात जागा मिळत होती ती उसनी होती. दुसऱ्यात गाव त्याचे होते पण जागा नव्हती. वाचक-प्रतिसादाचे सिद्धान्त शिकविताना त्याने ‘अभिप्रेत वाचक’ ही संज्ञा शेकडो वेळा फळ्यावर लिहिली असेल. अभिप्रेत वाचक हा कोठला राहणारा, हे त्याने कधी विचारले नव्हते.

१८५७ ची बाजू तरी एकेरी होती काय? जून महिन्यात औरंगाबादला कंटिन्जंटच्या पहिल्या घोडदळातच उठाव झाला, तो मोडला गेला आणि सवारांना देहान्त शिक्षा झाल्या. एकाच फौजेतले काही तोफेच्या तोंडी गेले आणि काही महिन्यांनी त्याच फौजेतले इतर झाशीच्या तटाखाली उभे होते. त्यांच्यापैकी कोणी काय विचार केला याची नोंद नाही. त्या काळच्या इंग्रजी खलित्यांची रीतच अशी की मेलेल्या गोऱ्या अधिकाऱ्याचे नाव असते आणि देशी शिपायांची संख्या असते. देशी शिपायाचे आत्मकथन म्हणून जे एक पुस्तक जगभर वाचले जाते ते सीताराम सुभेदाराचे, लेफ्टनंट कर्नल नॉर्गेट याने १८७३ मध्ये इंग्रजीत प्रसिद्ध केलेले. त्याचे मूळ कधी मिळाले नाही आणि ते खरे की रचलेले याविषयीचा वाद मिटलेला नाही. प्राध्यापकाने ते यादीत ठेवले. शिपायाचा आवाज ऐकण्याची भूक एवढी असावी की संशयित संहिताही टाकवत नाही, हे विद्यार्थ्यांनी पाहावे एवढाच त्याचा हेतू होता.

महाराष्ट्रातल्या वीरगळांविषयी त्याने यादीत एक ओळ लिहिली, तीही याच ओघात. खाली पडलेला वीर, वर लढाई, त्याच्या वर अप्सरांनी उचलून नेलेला तोच वीर, आणि माथ्यावर शिवलिंगाची पूजा: दगडात कोरलेले हे अनुक्रमिक निवेदन आपल्याकडील सर्वांत जुन्या युद्धकथांपैकी आहे. कर्नाटकातल्या वीरगळांवर पुष्कळदा लेख असतो. आपल्याकडच्या बहुतेकांवर नाव नाही.

या टप्प्यावर दुसरी यादी वर्गात वाचली गेली आणि वसमतकडून येणाऱ्या एका विद्यार्थिनीने विचारले, ‘‘सर, मग यात आपली माणसं कोणती?’’ प्राध्यापकाने नेहमीप्रमाणे ‘आपण’ हे सर्वनामच प्रश्नांकित केले पाहिजे असे काही उत्तर दिले. मागच्या बाकावरचा एक मुलगा म्हणाला की आमच्या घरी हा प्रश्नच नाही. कोरेगावच्या स्तंभावर नावे आहेत. वर्ग काही क्षण शांत झाला. त्या मुलाने सहज एक गोष्ट सांगितली होती, जी संपूर्ण पहिल्या यादीत कोठेही नव्हती. १ जानेवारी १८१८ च्या कोरेगावच्या लढाईत कंपनीच्या बाजूने लढलेल्या महार शिपायांची नावे दगडावर कोरली गेली. १ जानेवारी १९२७ ला डॉ. आंबेडकर तेथे गेले. महार शिपायांच्या दृष्टीने कंपनीची पलटण म्हणजे पगार, गणवेश आणि शाळा. रामजी सकपाळ सुभेदार होते आणि लष्करी शाळेत शिकवीत. गोपाळबाबा वलंगकर हे लष्करातून निवृत्त झालेले हवालदार, ज्यांचे ‘विटाळ विध्वंसन’ १८८८ मध्ये प्रसिद्ध झाले. पुढे सरकारने महारांची भरती बंद केली तेव्हा दाद मागणाऱ्यांतही वलंगकरच होते. पलटणीत जाणे हा ज्यांच्यासाठी अक्षरापर्यंतचा रस्ता होता, त्यांच्या युद्धवाचनात ‘परक्यांची चाकरी’ हा शब्द त्याच अर्थाने येणार नाही. प्राध्यापकाला आपल्या चंदीच्या खेदात एक प्रकारची चैन होती असे त्या दिवशी वाटले. खेद करावयालाही एक घर असावे लागते, जे १८५७ च्या आधीपासून आपले होते असे समजण्याची मुभा असते. हे त्याने वर्गात बोलून दाखविले नाही. वलंगकरांचे नाव यादीत आले.

तिसरी दुरुस्ती १९४८ ची. १३ ते १७ सप्टेंबर या पाच दिवसांत भारतीय सैन्याने हैदराबाद संस्थान ताब्यात घेतले आणि त्या लष्करी मोहिमेला ‘पोलिस अ‍ॅक्शन’ हे नाव मिळाले. मराठवाड्यात आजही म्हातारी माणसे ‘अ‍ॅक्शनच्या साली’ असे म्हणतात. शब्द इतका घरचा झाला आहे की तो एका सरकारी शब्दयोजनेचा तुकडा आहे हे विसरले जाते. अनंत भालेराव यांचा ‘हैदराबादचा स्वातंत्र्यसंग्राम आणि मराठवाडा’ आणि स्वामी रामानंद तीर्थांच्या आठवणी यादीत आल्या. त्यांच्या शेजारी सुंदरलाल समितीचा अहवालही आला: १९४८ च्या अखेरीस समितीने संस्थानात फिरून ज्या मुसलमानविरोधी हिंसेची नोंद केली तो अहवाल साठहून अधिक वर्षे लोकांपुढे आला नव्हता, आणि २०१३ मध्ये नूराणींच्या ‘द डिस्ट्रक्शन ऑफ हैदराबाद’ मध्ये तो वाचावयास मिळाला. एका सहकाऱ्याने, जो सज्जन आहे, सुचविले की हे नाव काढून टाकावे. मुक्तिसंग्रामाच्या जिल्ह्यात ते शोभत नाही. प्राध्यापकाने ते ठेवले, पण दोन दिवस विचार करून ठेवले. रझाकारांच्या काळात जे मेले त्यांची घरे त्याला माहीत होती; नंतरच्या आठवड्यांत जे मेले त्यांचीही दोन-तीन माहीत होती.

येथे त्याला आधार झाला तो नरहर कुरुंदकरांचा. कुरुंदकर याच भागातले. जन्म १९३२, वसमत तालुक्यातले कुरुंदा हे त्यांचे गाव. हैदराबादच्या विमोचनावर त्यांनी लिहिले आणि ‘श्रीमान योगी’ला त्यांनी लिहिलेली प्रस्तावना कादंबरीइतकीच वाचली गेली. शिवाजी महाराजांच्या चरित्रातून अफजलखान, शाहिस्तेखान, आग्रा अशा नाट्यमय प्रसंगांचे ओझे बाजूला केले म्हणजे त्यामागचे राज्यकर्तृत्व दिसू लागते, असा त्यांच्या विवेचनाचा रोख. युद्धकथेचा मोह ओळखण्याचे शिक्षण मराठी वाचकाला ज्यांनी दिले त्यांत त्यांचे स्थान वरचे आहे. मात्र तेही राज्य उभारणाऱ्याकडे पाहतात. दाणा विकणाऱ्याकडे आणि शिपायाकडे त्यांचे लक्ष तुलनेने कमीच जाते. गुरुस्थानी असलेल्या लेखकाविषयी असे म्हणणे प्राध्यापकाला जड गेले, पण तो म्हणत राहिला.

रिसाल्याचे पुढे काय झाले हे शोधण्यात त्याचा आणखी एक महिना गेला, आणि हा भाग त्याने केवळ स्वतःच्या समाधानासाठी केला. कंटिन्जंट १९०३ मध्ये हिंदी सैन्यात विलीन झाले आणि हिंगोलीची छावणी मोडली. पायदळाच्या पलटणी १९२२ मध्ये एकोणिसाव्या हैदराबाद रेजिमेंटमध्ये गेल्या, जिचे नाव १९४५ मध्ये कुमाऊँ रेजिमेंट झाले. ३ नोव्हेंबर १९४७ ला बडगाम येथे पडलेले, परमवीर चक्राचे पहिले मानकरी मेजर सोमनाथ शर्मा याच रेजिमेंटचे, आणि १८ नोव्हेंबर १९६२ ला रेझांग ला येथे मेजर शैतानसिंगांसह शंभराहून अधिक जवान पडले तेही. औरंगाबादला ज्यात उठाव झाला होता ते पहिले घोडदळ ‘ट्वेंटिएथ डेक्कन हॉर्स’ झाले. त्याचे स्वार १४ जुलै १९१६ रोजी सोमच्या रणभूमीवर हाय वुडपाशी भाले घेऊन यंत्रबंदुकांवर गेले. कीगनचे सोमवरचे प्रकरण १ जुलैचे आहे. तेरा दिवसांनी त्याच मैदानावर दख्खनचा रिसाला होता. १९६५ च्या सप्टेंबरात खेमकरणजवळ असल उत्तरच्या लढाईत डेक्कन हॉर्स शर्मन रणगाड्यांवर होते. घोडे तेव्हा संपलेले होते, नाव राहिले होते. ज्या परंपरेच्या एका टोकाला महिदपूर आणि झाशी आहेत तिच्याच दुसऱ्या टोकाला बडगाम आणि असल उत्तर आहेत, ही गोष्ट विद्यार्थ्यांना सांगितल्यावर काहींना ती अभिमानास्पद वाटली, काहींना विचित्र. आणि दोघांनीही एकमेकांशी पुष्कळ वाद घातला. प्राध्यापकाने त्यात भाग घेतला नाही.

अंतिम यादी सव्वीस नावांची झाली आणि ती टंकलिखित न करता त्याने हातानेच लिहिली. ‘माझा प्रवास’ आणि बर्टनचा इतिहास यांना त्याने एका कंसात घालून शेजारी लिहिले: ही दोन एकाच आठवड्यात वाचावीत. पाटलांची ‘पानिपत’ वगळावी असे एकदा मनात आले होते. शेजवलकरांकडे जाणारे पुष्कळजण तिच्याच दारातून जातात हे आठवून ती राहू दिली.

बर्टनची झेरॉक्स वसमतच्या विद्यार्थिनीने नेली आणि दसऱ्यानंतर परत आणली. पानांच्या समासांत तिने शिसपेन्सिलीने कूचांची अंतरे मांडली होती. शेवटच्या कोऱ्या पानावर तिने एक हिशेब सुरू करून सोडला होता: घोडे इतके, दिवस इतके, आणि पुढे एक रिकामी जागा. ‘‘सर, एका घोड्याला दिवसाला चंदी किती लागायची?’’ तिने विचारले. त्याला माहीत नव्हते. त्या रात्री त्याने वडिलांना विचारले. वडील नव्वदीला आलेले, ऐकू कमी येते; घरच्या जुन्या चोपड्या वाळवीने गेल्या तेव्हा ते तरुण होते. प्रश्न दोनदा मोठ्याने सांगावा लागला. मग, कालच कोणी दुकानावर येऊन गेले असावे तसे, त्यांनी आपल्या आजोबांकडून ऐकलेले सांगितले. घोड्याला चार शेर. आणि सवाराची उधारी दसऱ्यापर्यंत.